मुलाला बेसबॉलमध्ये रिलीव्हर म्हणून घेतायत. यात करिअर आहे का?

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मुलगा २१ वर्षांचा, न्यू जर्सीत वाढलेला, मेकॅनिकल इंजिनिअरिंगचं तिसरं वर्ष संपत आलंय. उजव्या हाताने ताशी ९५-९६ मैलांनी (म्हणजे साधारण १५३ किलोमीटर) चेंडू टाकतो. दोन वर्षं स्टार्टर (सामना सुरू करणारा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा) होता, यंदा कोचने बुलपेनमध्ये (बदली पिचर जिथे बसून तयार होतात तिथे) बसवलं, आणि आता जुलैच्या ड्राफ्टमध्ये (व्यावसायिक क्लब नवे खेळाडू निवडतात तेव्हा) कुणीतरी 'रिलीव्हर म्हणून' (सामन्याच्या मधे येणारा बदली पिचर) घेईल असं सल्लागार सांगतोय. तुम्ही तीन गोष्टी विचारल्यात: रिलीव्हर म्हणजे शेवटी राखीव खेळाडूच ना, यात करिअर किती वर्षांचं, आणि पदवी वर्षभरावर आली असताना सोडून जावं का.

तिन्हींची उत्तरं देतो. पण मला विचाराल तर त्यांच्या खाली एक चौथा प्रश्न दडलाय आणि तो कुणीच विचारत नाही. आज रात्री वीस चेंडू जीव तोडून टाकल्यावर उद्या संध्याकाळी हा मुलगा पुन्हा तसेच वीस टाकू शकतो का? आणि उद्या उठवून, गरम करून, परत बसवला तर परवा? रिलीव्हरचं करिअर ह्याच्यावर चालतं. वेग हे फक्त आत शिरायचं तिकीट.

आधी माझी बाजू सांगतो, म्हणजे माझं किती ऐकायचं ते तुम्हाला ठरवता येईल. मी मूळचा मिरजेचा. फिजिओथेरपी करून इकडे आलो, पुढचं शिकलो आणि अकरा वर्षं मायनर लीगच्या (सर्वोच्च पातळी मेजर लीग, तिच्या खालच्या पायऱ्यांच्या) संघांबरोबर ॲथलेटिक ट्रेनर म्हणून बसमधून फिरलो. आता स्वतःचं क्लिनिक आहे. येणाऱ्यांत निम्मे पिचर. मी कोच नाही, स्काउट नाही, एजंट तर नाहीच. मला पिचरचा हात आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्याचं तोंड, एवढंच वाचता येतं. तुमच्या मुलाचा हात मी पाहिलेला नाही. त्यामुळे खालचं बरंचसं 'त्याच्या कोपरावर अवलंबून', 'क्लबवर अवलंबून', 'बोनसच्या आकड्यावर अवलंबून' असंच आहे, आणि ते तसंच घ्या.

आता 'राखीव'. मेजर लीगच्या २६ जणांच्या संघात जास्तीत जास्त १३ पिचर ठेवता येतात. त्यातले पाच स्टार्टर धरले तर आठ जण बुलपेनमध्ये बसतात. स्टार्टर पाच-सहा इनिंग (डाव) ओढतो, उरलेला सामना हे आठ जण वाटून घेतात. कारण साधं आहे. एकाच पिचरसमोर बॅटर तिसऱ्यांदा उभा राहतो तोवर त्याला चेंडू ओळखू यायला लागलेला असतो. म्हणून स्टार्टरच्या भात्यात तीन-चार प्रकारचे चेंडू लागतात. रिलीव्हरला तोच बॅटर रात्रीतून एकदाच भेटतो. दोन चोख चेंडू पुरतात. तुम्ही लिहिलंय की मुलाचा फास्टबॉल (वेगवान चेंडू) आणि स्लायडर (वळणारा) उत्तम आहेत, चेंजअप (फसवा संथ चेंडू) काही केल्या बसत नाही. कोचने त्याला का हलवलं याचं उत्तर तुमच्याच वाक्यात आलंय.

हेही खरं, की मोठमोठे रिलीव्हर आधी दुसरंच काहीतरी होते आणि ते जमलं नाही म्हणून इथे आले. मारियानो रिव्हेरा १९९५ मध्ये यांकीजकडे स्टार्टर म्हणून आला, मार खाल्ला, खाली पाठवला गेला. १९९६ मध्ये क्लोजरच्या (सामना संपवायला येणाऱ्या रिलीव्हरच्या) आधीच्या इनिंग टाकायला लागला, १९९७ पासून स्वतः क्लोजर. त्याच वर्षी सहकाऱ्याबरोबर नुसतं कॅच खेळताना त्याचा चेंडू शेवटच्या क्षणी बाजूला सरकायला लागला. त्याला ते थांबवताही येईना, म्हणून तसाच ठेवला. तोच तो कटर, आणि त्या एका चेंडूवर पुढची सतरा वर्षं निघाली. २०१३ मध्ये थांबला तेव्हा नावावर ६५२ सेव्ह (आघाडी राखून संपवलेले सामने). २०१९ मध्ये एकाही मतदाराने न वगळता हॉल ऑफ फेममध्ये गेलेला तो पहिला खेळाडू. ट्रेव्हर हॉफमनला १९८९ मध्ये घेतलं होतं ते शॉर्टस्टॉप (क्षेत्ररक्षक) म्हणून; बॅट चालेना म्हणून १९९१ मध्ये माउंडवर (पिचरच्या उंचवट्यावर) आणला, आणि त्याने ६०१ सेव्ह केले. केन्ली जॅन्सन २००९ पर्यंत कॅचर (पिचरचा चेंडू झेलणारा) होता.

माझा आवडता मात्र डेनिस एकर्सली. १९७७ मध्ये नो-हिटर (समोरच्या संघाला एकही हिट न देता अख्खा सामना) टाकलेला, १९७८ मध्ये २० सामने जिंकलेला नामांकित स्टार्टर. १९८७ मध्ये ओकलंडला आला तेव्हा बत्तीस वर्षांचा, उतरणीला लागलेला. मॅनेजर टोनी ला रुसाने त्याला बुलपेनमध्ये नेलं आणि हळूहळू त्याचं काम शेवटच्या एका इनिंगपुरतं ठेवलं. १९९२ मध्ये साय यंग (सर्वोत्तम पिचर) आणि एमव्हीपी (सर्वात मोलाचा खेळाडू), दोन्ही पुरस्कार त्यालाच. आज 'क्लोजर' म्हणून जी नोकरी आपण ओळखतो तिचा साचा या दोघांनी पाडला. सेव्ह हा आकडाच मुळी अधिकृत झाला १९६९ मध्ये. कल्पना शिकागोचे क्रीडा पत्रकार जेरोम होल्ट्झमन यांची. म्हणजे हा धंदा जेमतेम माझ्याच पिढीचा.

तेव्हा मान कमी नाही. पैसे मात्र ड्राफ्टच्या दिवशी कमीच मिळतात, आणि कारण वर आलंच आहे. अडलेल्या स्टार्टरचा रिलीव्हर केव्हाही करता येतो, मग कॉलेजातल्या रिलीव्हरसाठी क्लब जास्त का मोजेल? म्हणून सल्लागाराला एक गोष्ट स्पष्ट विचारायला सांगा: घेतल्यावर निदान पहिलं वर्ष मुलाला स्टार्टर म्हणून चालवायची कुणाची तयारी आहे का? स्टार्टरला जास्त इनिंग मिळतात, कोचचा वेळ जास्त मिळतो, तो चेंजअपही कदाचित बसतो. तिथून बुलपेनला यायला एक फोन पुरतो. उलट रस्ता अवघड.

पैशांचं सविस्तर सांगतो, कारण आपल्याकडे हा भाग सगळे संकोचाने बोलतात. ड्राफ्ट आता २० फेऱ्यांचा आहे. दहाव्या फेरीनंतरच्या मुलांना अलीकडच्या नियमाप्रमाणे दीड लाख डॉलरपर्यंतचा बोनस क्लबच्या ठरलेल्या कोट्यातून कापला जात नाही, त्यामुळे त्या आकड्याभोवती बरीच घासाघीस होते. तिसऱ्या वर्षाच्या मुलाला 'नाही पटलं तर कॉलेजला परत जातो' असं म्हणता येतं. चौथं वर्ष संपलेल्याला ते म्हणता येत नाही, आणि क्लबला ते पक्कं ठाऊक असतं. म्हणजे पदवी पूर्ण करून मग जाणं हे सुरक्षित वाटलं तरी फुकट नाही. त्याची किंमत बोनसमध्ये मोजावी लागते. पण उरलेल्या सेमिस्टरची फी क्लबने भरायची, असं कलम करारात घालून घेता येतं. खेळ सोडल्यावर ठरावीक मुदतीत परत शिकायला लागावं लागतं, एवढीच अट. हे कलम मागितलं तर मिळतं. न मागितलेली मुलं मी पाहिलीत.

मग पगार. २०२१ मध्ये लो-ए च्या (मायनर लीगची खालची पायरी; वर डबल-ए, मग ट्रिपल-ए) मुलाला आठवड्याला ५०० डॉलर मिळायचे, तेही हंगामापुरते. मी त्या काळात पाच-पाच पोरं एका फ्लॅटमध्ये हवा भरलेल्या गाद्यांवर झोपताना पाहिलीत. २०२२ पासून राहायची सोय क्लबने करायची असं ठरलं आणि २०२३ च्या पहिल्यावहिल्या सामूहिक करारात पगार वाढले: लो-ए ला वर्षाला २६,२००, डबल-ए ला ३०,२५०, ट्रिपल-ए ला ३५,८०० डॉलर. त्याच वर्षी मेजर लीगचा किमान पगार होता ७,२०,०००. हंगाम सुमारे १८६ दिवसांचा, म्हणजे दिवसाला जवळजवळ ३,९०० डॉलर. ट्रिपल-ए मध्ये वर्षभर जे मिळतं ते वर दहा दिवसांत निघतं. एवढं एक गणित डोक्यात ठेवलंत तर पुढची सगळी धडपड आपोआप कळेल.

कारण या धंद्यात वय वर्षांत मोजत नाहीत, वर, म्हणजे मेजर लीगमध्ये, काढलेल्या दिवसांत मोजतात. १७२ दिवस भरले की एक वर्ष धरलं जातं. ४३ दिवस भरले की पेन्शनचा किमान हक्क मिळतो. तीन वर्षं भरली की पगारासाठी लवादाकडे जाता येतं, सहा भरली की मोकळा, हव्या त्या क्लबशी बोला. त्या टोकाला काय असतं ते एडविन डियाझच्या २०२२ च्या करारावरून दिसतं: पाच वर्षं, १० कोटी २० लाख डॉलर, रिलीव्हरला. आणि चारच महिन्यांनी, मार्च २०२३ मध्ये, वर्ल्ड बेसबॉल क्लासिकमध्ये सामना जिंकल्यावर मैदानात उड्या मारताना त्याच्या गुडघ्याचा स्नायूबंध फाटला आणि सगळा हंगाम गेला. त्याचा करार होता म्हणून त्याचे पैसे सुरक्षित होते. ज्यांचे करार नाहीत त्यांची गोष्ट निराळी.

बहुतेक रिलीव्हर या दोन टोकांच्या मधे लटकलेले असतात. क्लबच्या चाळीस जणांच्या यादीत (यातूनच मेजर लीगचा संघ निवडतात) नाव आलं की क्लबला तीन हंगाम तुम्हाला हवं तेव्हा खाली-वर पाठवता येतं. एका हंगामात पाच वेळा, आणि खाली पाठवलेल्या पिचरला सहसा निदान १५ दिवस तिथेच काढावे लागतात. काल ज्याने दोन इनिंग टाकल्या त्याचा हात आज दमलेला, मग त्याला खाली पाठवा आणि ताजा हात वर आणा, असा हिशेब. त्यात तुमच्या कामगिरीचा संबंध असतोच असं नाही. माझ्या ओळखीचा एकजण एका हंगामात चार वेळा वर गेला आणि चार वेळा परत आला. चांगला टाकला त्या रात्रीसुद्धा एकदा परत आला. जूनपासून त्याने बॅग उघडणंच सोडलं. कपडे वरच्या कप्प्यातून काढायचा आणि तिथेच घड्या घालून ठेवायचा. तेव्हा 'करिअर किती वर्षांचं' याचं प्रामाणिक उत्तर: बहुतेकांचं वर एक दिवसही न जाता तीन-चार वर्षांत संपतं, थोड्यांचं असं बॅग न उघडता जातं, आणि फार थोड्यांचं डियाझसारखं. जेसी ओरोस्कोसारखे १,२५२ सामने, तब्बल २४ हंगाम, हे तर आता होणंच कठीण. एकाच डावखुऱ्या बॅटरपुरता डावखुरा पिचर आणायचा आणि बसवायचा, ही पद्धत २०२० मध्ये 'निदान तीन बॅटर' हा नियम आल्यावर संपली. तुमचा मुलगा उजवा आहे, त्याला याची झळ नाही.

आता माझ्या कामाकडे येतो. छोट्या गावातलं मैदान डोळ्यांसमोर आणा. बुलपेन म्हणजे फाउल लाइनच्या पलीकडे दोन माउंड, एक बाक, उलट्या घातलेल्या एक-दोन बादल्या, सूर्यफुलाच्या बियांची टरफलं पायाखाली. पाचव्या इनिंगपर्यंत गप्पा. मग फोन वाजतो आणि बाकावरचे सगळे एकदम गप्प होतात. ज्याचं नाव घेतलं तो उठतो, जॅकेट काढतो, आधी उभ्या कॅचरकडे हलके आठ-दहा, मग कॅचर बसतो आणि पंधरा-एक चेंडू वाढत्या वेगाने. तो 'तयार' झाला, असं खाली कळवलं जातं. आणि मग आपल्याच स्टार्टरने डबल प्ले (एका चेंडूत दोघे बाद) काढला. बस खाली. जॅकेट घाल. दोन इनिंगनंतर पुन्हा फोन, पुन्हा उठ. शेवटी गेलाच नाही. दुसऱ्या दिवशी सामन्याच्या तक्त्यात त्याचं नाव नाही. जगाच्या दृष्टीने त्याने काल विश्रांती घेतली. त्याच्या कोपराला विचारा.

म्हणून मी वहीत दोन रकाने ठेवायचो: 'टाकले' आणि 'उठवले'. एका जूनमधल्या आठवड्यात एका पोराच्या नावापुढे टाकले दोन, उठवले पाच. मॅनेजरला वही दाखवली तर तो म्हणाला, अरे, पोरगा तर ताजा आहे, दोनच सामने झाले. भांडलो नाही. दुसऱ्या दिवशी रेडार गनवर त्याचा वेग दोन मैलांनी पडलेला दिसला, तेव्हा मॅनेजरच वही मागायला आला.

फोनचं म्हणाल तर तो वरच्या पातळीवरही दगा देतो. २०११ च्या वर्ल्ड सीरिजमध्ये, टेक्सासमधल्या पाचव्या सामन्यात, सेंट लुइसच्या ला रुसाने (हो, तोच एकर्सलीवाला) बुलपेनला फोन करून मॉट नावाच्या पिचरला उठवायला सांगितलं. प्रेक्षकांच्या गोंगाटात पलीकडे ते ऐकूच गेलं नाही. पुन्हा सांगितलं तर ऐकू आलं 'लिन', म्हणजे दुसराच पिचर. मॉट तयार नव्हता, टेक्सासच्या नापोलीने डावखुऱ्या झेपचिन्स्कीला दोन धावा मिळवून देणारा फटका मारला, सामना गेला. (मालिका पुढे सेंट लुइसनेच जिंकली.) याच्या उलट २०१६ मध्ये. बाल्टिमोरच्या झॅक ब्रिटनने त्या हंगामात ४७ पैकी ४७ सेव्ह केले होते. टोरंटोमधल्या बाद फेरीच्या सामन्यात तो बुलपेनमध्ये तयार बसून राहिला, अकराव्या इनिंगमध्ये दुसऱ्याच पिचरला होमरन बसला आणि हंगाम संपला. वर्षातला सगळ्यात भरवशाचा हात, आणि त्या रात्री त्याला बोलावलंच नाही. मुलाला हे आधीच सांगून ठेवा. तयार राहणं हे त्याचं काम. बोलावणं दुसऱ्याच्या हातात.

कोपराचं आता नीट सांगतो, कारण मला खरं बोलायचंय ते यावरच. फेकताना कोपराच्या आतल्या बाजूच्या लिगामेंटवर ताण येतो आणि रिलीव्हर प्रत्येक चेंडू पूर्ण जोर लावूनच टाकतो. स्टार्टरसारखं मधूनमधून हात राखणं त्याला परवडत नाही. ते लिगामेंट फाटलं तर शस्त्रक्रिया. १९७४ मध्ये डॉ. फ्रँक जोब यांनी ती पहिल्यांदा टॉमी जॉन नावाच्या पिचरवर केली, आणि आजही ती त्याच्याच नावाने ओळखली जाते. मनगटाजवळचा किंवा मांडीमागचा टेंडन काढून कोपरात बसवतात. (अंगठा आणि करंगळी जुळवून मनगट थोडं आत वळवा, मधोमध जी दोरी उठते ती बऱ्याचदा याच कामाला जाते. काहींना ती जन्मतःच नसते, घाबरू नका.) जॉनने एक अख्खा हंगाम घरी काढला आणि परत येऊन आणखी १६४ सामने जिंकले. त्यामुळे आता लोकांना ते गाडीचा पार्ट बदलण्यासारखं वाटतं. तसं नाही. वर्ष ते दीड वर्ष जातं, आणि ज्याचं नाव चाळीसच्या यादीत नाही त्याची क्लब वाट पाहीलच असं नाही.

एरिक गान्ये आठवा. २००२ ते २००४ मध्ये लागोपाठ ८४ सेव्ह, २००३ चा साय यंग. पुढच्या दोन हंगामांत मिळून खेळला १६ सामने. त्याच्या उलट टोकाला माइक मार्शल: १९७४ मध्ये १०६ सामने, २०८ इनिंग, सगळ्या रिलीव्हर म्हणून, त्यात लागोपाठ १३ सामने. त्याने पुढे व्यायाम-शरीरशास्त्रात डॉक्टरेट केली, म्हणून आम्ही ट्रेनर लोक त्याचं नाव जरा प्रेमाने घेतो. पण त्याच्याकडे बघून 'मग माझ्या मुलाला का नाही जमणार' असा हिशेब करू नका. तो वेगळ्या मातीचा होता आणि आजच्या वेगाने तेव्हा कुणी टाकत नव्हतं.

माझी एक चूक सांगतो. डबल-ए मधला एक डावखुरा पोरगा, ऑगस्ट महिना, सामना संपल्यावर ट्रेनिंग रूममध्ये आला. पाण्याची बाटली डाव्या हातात धरून झाकण उजव्या हाताने फिरवायला लागला. डावखुरा माणूस असं करत नाही. मी विचारलं, कोपर ठीक आहे ना? म्हणाला, एकदम. मला दिसलं होतं, तरी मी ते चार दिवस कानामागे टाकलं, कारण त्याला वर नेणार अशी कुजबुज होती आणि त्याच्या घासात माती कालवायला मन होईना. पाचव्या दिवशी तिसऱ्या चेंडूला तो माउंडवर हात झटकत उभा राहिला. नंतर कळलं, तीन आठवडे दुखत होतं. चौदा महिने लागले, आणि परतल्यावर पहिल्याच वसंतात क्लबने त्याला मोकळं केलं. तेव्हापासून मी पोरांच्या उत्तरांपेक्षा बाटल्या, टोप्या आणि गाडीची दारं जास्त बघतो.

मनाचं थोडक्यात सांगतो. तो माझा प्रांत नाही. स्टार्टरची एक वाईट रात्र पाच दिवसांनी धुता येते. रिलीव्हरला उद्याच परत जायचं असतं, ते पण बहुधा सामना अडलेला असताना, आणि २०२३ पासून पिच क्लॉक (चेंडू टाकायची वेळमर्यादा) आल्याने माउंडमागे फिरून दम खायचीही सोय उरली नाही. डॅनियल बार्डला बॉस्टनमध्ये असताना अचानक चेंडू जागेवर टाकताच येईना. २०१३ नंतर तो मेजर लीगमधून नाहीसा झाला, खेळ सोडून दुसऱ्या क्लबात तरुण पोरांना मनाबद्दल सल्ला द्यायचं काम करू लागला, आणि २०२० मध्ये कोलोरॅडोकडून परत येऊन सेव्ह करू लागला. त्याची गोष्ट मी पोरांना सांगतो, पण ती सात वर्षं कशी गेली असतील हेही सांगतो.

तुम्ही विचारलंत म्हणून, भारतातल्या त्या दोघांबद्दल. उत्तर प्रदेशातले भालाफेकपटू रिंकू सिंह आणि दिनेश पटेल २००८ च्या चेंडूफेकीच्या स्पर्धेतून निवडले गेले आणि पिट्सबर्ग पायरेट्सने त्यांना करारबद्ध केलं. दिनेश दोन वर्षांनी परत गेला. रिंकू डावखुरा रिलीव्हर म्हणून लो-ए पर्यंत चढला, मग दुखापतींनी अडवला आणि पुढे कुस्तीच्या रिंगणात गेला. विशी गाठेपर्यंत बेसबॉल हातात न धरलेल्या पोराने लो-ए गाठणं हे ज्यांनी ती पातळी जवळून पाहिली त्यांना विचारा, किती मोठं आहे ते. तुमच्या मुलाची सुरुवात त्याच्या कितीतरी पुढून आहे.

मग जावं का? बोनसमधून कर वजा जाता निदान दोन-तीन वर्षांची बेगमी होत असेल, फीचं कलम लिहून मिळत असेल, आणि एमआरआय स्वच्छ असेल, तर मी जाऊ देईन. यातलं पहिलं किंवा दुसरं नसेल तर पदवी पूर्ण करून पुढच्या वर्षी कमी पैशांत जाणंही वेडेपणाचं नाही. तिसरं नसेल तर आधी कोपर. इंजिनिअरिंगचं दार चोविसाव्या वर्षीही उघडं असतं. नातेवाईकांना लग्नकार्यात 'मुलगा सध्या काय करतो' याचं उत्तर देताना पोटात गोळा येईल, तो तेवढा तुम्ही सांभाळा.

एक काम मात्र ड्राफ्टच्या आधी करा. मायनर लीगमध्ये २०२१ पासून मंगळवार ते रविवार सहा सामने आणि सोमवारी सुट्टी असं वेळापत्रक आहे, आणि खालच्या पातळ्यांवर रिलीव्हरला सहसा लागोपाठ दोन दिवस टाकायला लावत नाहीत. त्यामुळे त्याचा हात दुसऱ्या दिवशी चालतो की नाही हे क्लबलाही ट्रिपल-ए येईपर्यंत नीट कळत नाही. कॉलेजमध्ये शुक्रवार-शनिवार-रविवार असे लागोपाठ सामने असतात, म्हणजे तुमच्याकडे ही माहिती आत्ताच आहे. यंदा किती वेळा तो शुक्रवारी टाकून शनिवारी परत आला, शनिवारी त्याचा वेग किती होता, स्लायडर पडत होता की नुसता वळत होता, आणि किती वेळा उठवून बसवला, हे त्याच्या कोचकडून मागून घ्या. रेडारचे आकडे त्यांच्याकडे असतात. शेवटचा रकाना कोच देणार नाहीत, तो मुलालाच आठवून लिहायला सांगा. ते सगळं इथे टाका, नावं गाळून, मग बाकीचं बोलू. तोवर जेवताना तो भाताचं पातेलं कोणत्या हाताने उचलतो तेही बघून ठेवा, त्याला न सांगता.